खुलासा : ‘मारी-क्लेर’ कुणी लिहिली?

फ्रेंच लेखिका मार्गरित ओदू (1863–1937) यांची ‘मारी-क्लेर’ ही कादंबरी प्रत्यक्षात फ्रेंच लेखक ऑक्ताव मिर्बो यांनी लिहिली, असे जे सांगितले जाते ते चुकीचे आहे. मिर्बो यांनी हस्तलिखित वाचून ते प्रकाशित व्हावे म्हणून खटपट केली आणि प्रस्तावना लिहिली, इतकाच त्यांचा वाटा होता. अनाथालयात वाढलेली, फ्रान्सच्या सोलोन्य भागातल्या शेतांवर मेंढ्या राखलेली आणि पुढे पॅरिसमध्ये शिवणकामावर पोट भरणारी बाई 1910 चा फेमिना हा फ्रेंच साहित्य पुरस्कार मिळवते, हेच बहुधा अनेकांच्या पचनी पडले नसावे. शिवाय तिच्या शिवणघरावरची दुसरी कादंबरी 1920 साली आली. मिर्बो तर 1917 मध्येच वारले होते.