नोटीस निघाल्यावरच आदेश का पाळला जातो?

उच्च न्यायालयाने आईच्या कुटुंब निवृत्तिवेतनाची थकबाकी बारा आठवड्यांत देण्याचा आदेश दिला, तेव्हा आता आपली पायपीट संपली असे आम्हाला वाटले होते. आदेशाची प्रमाणित प्रत मी स्वतः संबंधित सरकारी कार्यालयात नेऊन दिली आणि दुसऱ्या प्रतीवर आवक शाखेचा निळा शिक्का घेतला. बारा आठवडे गेले, त्यानंतर सात महिने गेले आणि प्रत्येक खेपेला "प्रस्ताव वर पाठवला आहे" एवढेच उत्तर मिळाले. शेवटी न्यायालयाचा आदेश पाळला नाही म्हणून अवमान याचिका दाखल केली. नोटीस निघाली आणि पुढच्या तारखेच्या दोन दिवस आधी पैसे खात्यावर जमा झाले. सुनावणीच्या दिवशी पूर्ततेचे प्रतिज्ञापत्र आले, त्यात बिनशर्त माफी होती, आणि याचिका निकाली निघाली.

माझा आक्षेप या निकाली निघण्याला आहे. जे काम नोटीस हाती पडताच होऊ शकते, ते आधीचे सात महिने कोणाच्या टेबलावर पडून होते, हे कोणी विचारलेच नाही. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ नुसार आदेशाचा भंग हेतुपुरस्सर असेल तरच तो दिवाणी अवमान ठरतो, आणि ही अट मला योग्य वाटते. आदेश खरोखरच संदिग्ध असेल किंवा त्याचे पालन अशक्य असेल, तर कोणालाही तुरुंगात पाठवू नये. परंतु शिक्क्यासह प्रत मिळूनही फाइल हलत नसेल, तर तो हेतू नाही तर काय, याची चौकशी तरी व्हायला हवी.

याच कायद्याच्या कलम २० नुसार अवमान घडल्यापासून एका वर्षाच्या आतच त्याची कारवाई सुरू करता येते, आणि या मुदतीची जाणीव पक्षकारांना बहुधा उशिरा होते. "पुढच्या महिन्यात नक्की" या तोंडी आश्वासनावर माणूस हेलपाटे घालत राहतो आणि वर्ष उलटून जाते. म्हणून आश्वासन लेखी मागा आणि आदेशाने दिलेली मुदत संपल्याची तारीख लिहून ठेवा, ही माझी कळकळीची विनंती आहे.

उशिरा मागितलेली माफी स्वीकारलीच पाहिजे, असे मुळीच नाही. विनापरवाना लाकूड गिरण्या आणि प्लायवूड कारखाने बंद करण्याचा सर्वोच्च न्यायालयाचा १९९७ चा आदेश असताना महाराष्ट्रात काही कारखान्यांना परवानगी दिली गेली. या प्रकरणात २००६ मध्ये त्या न्यायालयाने माफी नाकारून राज्याचे तत्कालीन मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एक महिन्याची साधी कैद सुनावली. कायद्यात कमाल शिक्षा सहा महिने साधी कैद आणि दोन हजार रुपये दंड एवढी आहे. दंडाची ही रक्कम १९७१ पासून तशीच आहे.

तुरुंगवास हा माझा आग्रह नाही. पूर्ततेच्या प्रतिज्ञापत्रात फाइल कोणाकडे किती दिवस होती याचा तक्ता सक्तीचा करावा आणि विलंबाचे व्याज सरकारी तिजोरीतून नव्हे, तर जबाबदार अधिकाऱ्याच्या वेतनातून वसूल करावे, एवढेच माझे म्हणणे आहे. आईच्या पासबुकात मूळ रकमेची नोंद आहे, व्याजाची नाही. त्यासाठी आम्ही गेल्या आठवड्यात वेगळा अर्ज दिला असून, त्याच्या प्रतीवरही शिक्का घेतला आहे.