गोळ्या खाऊन दाढ बरी होत नाही हो!

"मॅडम, मागच्या वेळी त्याच गोळ्यांनी उतरलं होतं, त्याच लिहून द्या ना." सुजलेला गाल धरून माणूस खुर्चीत बसतो आणि पहिलं वाक्य हेच! उतरलं होतं, तर आज परत का सुजलं?

गोळ्या कुठून आणल्या? मेडिकलमधून. चिठ्ठी? नाही. 'दाढ दुखतेय' एवढं सांगितलं, त्याने कात्रीने पट्टी कापून चार कॅप्सूल हातात ठेवल्या. त्या अमॉक्सिसिलिनच्या, म्हणजे अँटिबायोटिकच्या. हे शेड्यूल एचमधलं औषध आहे, डॉक्टरच्या चिठ्ठीशिवाय विकायला कायद्याने मनाई आहे. पट्टीवरची लाल रेघ ओळखा म्हणून आरोग्य मंत्रालयाने २०१६ साली मोहीमही काढली. कोण बघतंय ती रेघ!

एकदा नीट ऐका. कीड खोल गेली की दाढेतली नस मरते आणि आतला रक्तपुरवठा बंद होतो. औषध रक्तातूनच पोचतं ना? मग जिथे रक्तच जात नाही तिथे कॅप्सूल काय करणार? आजूबाजूची सूज ओसरते, ठणका थांबतो, मुळातले जंतू तिथेच राहतात. ते काढायचे तर रूट कॅनाल करा (मुळातली मेलेली नस काढून, आत साफ करून भरायचं), नाहीतर दाढ काढा. पू साठला असेल तर आधी त्याला वाट करून द्यावी लागते. एवढं केलं की बहुतेकांना अँटिबायोटिक लागतच नाही. ताप असेल, सूज पसरत असेल, साखर फार वाढलेली असेल तर मी स्वतः देते. पण उपचाराच्या जोडीला, उपचाराऐवजी नाही.

"आता दुखत नाही" हे ऐकलं की माझी तळपायाची आग मस्तकात जाते. मेलेली नस दुखेल कशी? हिरडीवर पुटकुळी येते, त्यातून पू झिरपतो, दाब सुटतो, म्हणून गप्प आहे. आत हाड झिजतंय! हिरडीच्या गळवातही तेच, खाली साचलेलं किटण खरवडून काढल्याशिवाय ते पुन्हा भरणार. पण "दात साफ केले की हलायला लागतात" म्हणून त्यालाही नकार.

वर घरगुती उद्योग. मशेरी दाबून धरा, अ‍ॅस्पिरीनची पूड हिरडीवर ठेवा (हिरडी भाजते त्याने!), बाहेरून गरम शेक द्या. आणि "वरची दाढ काढली की नजर जाते" हे शिकलेली माणसं सांगतात मला. नाही जात! दाढेची नस वेगळी, नजरेची वेगळी.

खालच्या मागच्या दाढेचा पू जबड्याखाली, मानेत उतरू शकतो. जीभ वर उचलली जाते, थुंकी गिळवत नाही, तोंड उघडत नाही, श्वास कोंडतो. लुडविग्ज अँजायना म्हणतात याला, आणि यात माणूस दगावतो. एका किडलेल्या दाढेपायी! असं काही दिसलं तर माझी अपॉइंटमेंट शोधत बसू नका, रात्र असो की दिवस, सरळ मोठं हॉस्पिटल गाठा.

आमच्या लोकांवरही राग आहे माझा. सूज नाही, ताप नाही, नुसती नस ठणकतेय, तिथे अँटिबायोटिकचा काडीचा उपयोग नाही. तरी सवयीने पाच दिवसांचा कोर्स लिहिणारे डेंटिस्ट आहेतच. पेशंट मग दुसरं काय शिकणार?

पैशांचं मान्य आहे. रूट कॅनाल आणि वरची कॅप परवडत नाही, आरोग्य विम्यात अपघात सोडला तर दात सहसा बसत नाहीत. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगरला सरकारी दंत महाविद्यालयं आहेत, तिथे कमी खर्चात होतं. पण आमच्या तालुक्यातून जायचं म्हणजे मजुरी बुडवून जायचं, हेही मला कळतं. तरी दर वेळच्या गोळ्यांचे पैसे जोडून बघा की! आणि दाढेत नुसता काळा ठिपका दिसला होता तेव्हाच आला असतात, तर साधं सिमेंट भरून भागलं असतं.