लाल कंदील कसा पाहावा

परवा आमच्याकडे चिनी दिग्दर्शक झांग यिमोऊचा १९९१ सालचा 'रेज द रेड लँटर्न' दाखवला. सव्वादोन तासही नाही सिनेमा. नंतरची चर्चा मात्र आवरेना. त्या चर्चेत शिकलेलं तुमच्याही कामी यावं.

सर्वप्रथम, उशिरा जा. पहिल्याच शॉटमध्ये पडदाभर नायिका गाँग लीचा चेहरा, कॉलेज सुटलेली सोंगलियान श्रीमंताची चौथी बायको व्हायला कबूल होते आणि डोळे आपोआप वाहू लागतात. तेवढं चुकलं तर काय बिघडतं? पार्किंग मिळायला नको?

वाडा दिसला की शेजाऱ्याला सांगा, "अस्साच आमचा सासवडला होता. बिल्डरला दिला."

मोलकरीण यानअर आली की फोन उघडा. ती आपल्या खोलीत फाटके, टाकून दिलेले कंदील लपवून पेटवते, मालकीण होण्याचं स्वप्न बघते. पुढे बर्फात गुडघ्यांवर बसते, माफी मागत नाही, मरते. चर्चेत तिचं नाव निघत नाही, तेव्हा व्हॉट्सॲप उरकून घ्या.

आणि शेवटी माईक हातात आला की खाकरून म्हणा, "काही म्हणा, बाईच बाईची शत्रू!" टाळ्या पडतात. परवा पडल्या. पाहिलंत काय हो तुम्ही? मालकाचा चेहरा त्या दिग्दर्शकानं एकदाही नीट दाखवलेला नाही. पाठमोरा, पडद्याआड, लांबून. चौघींपैकी जिच्या अंगणात तो ठरवेल त्या अंगणात कंदील लागणार, तिचेच पाय दाबले जाणार, दुसऱ्या दिवशी जेवायला काय हेही तीच सांगणार. मग भांडतील नाही तर काय भोंडला खेळतील? सोंगलियान दारूच्या नशेत तिसरीचं गुपित बोलून गेली, दुसरीनं तिसरीला डॉक्टरसोबत पकडून आणलं, सगळं मान्य. पण तिसरीला जिथे लटकवलं ती गच्चीवरची फासाची कोठडी यांनी बांधली होती का? आधीच्या पिढ्यांतल्या बायका तिथेच लटकल्या, तेव्हा तर यांच्यातली एकही त्या वाड्यात नव्हती! चेहरा दिसला नाही म्हणून तुम्ही मालकाला सोडून दिलंत. वाड्यातले गडीही तेच करत होते.

पुढच्या उन्हाळ्यात पाचवी येते. तेव्हा तुम्ही चपला शोधत होतात.

आणि चहाचे कप तरी उचलत जा. हॉल झाडणाऱ्या मावशी नऊपासून दारात उभ्या होत्या. चर्चा संपेना म्हणून त्यांची शेवटची बस गेली. विचारलंत कोणी?