सरकारी डॉक्टर आणि खासगी प्रॅक्टिस : त्या मेसेजबद्दल खुलासा

कोल्हापुरातल्या बऱ्याच ग्रुपवर मेसेज फिरतोय: 'सरकारी डॉक्टर खासगी दवाखान्यात दिसला की थेट जेल. फोटो काढा, व्हायरल करा.' हे चुकीचं आहे.

कोल्हापूरचं सीपीआर (छत्रपती प्रमिलाराजे) रुग्णालय असो वा तालुक्याचं ग्रामीण रुग्णालय, जो डॉक्टर व्यवसायरोध भत्ता घेतो त्याला खासगी प्रॅक्टिस करता येत नाही. ड्युटी संपल्यावरही नाही, कारण भत्ता त्यासाठीच मिळतो. पण बंदी मोडणं हा सेवानियमांचा भंग आहे. महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम १९७९ चे आहेत. ते मोडले तर शिस्त व अपील नियमांनुसार खातं चौकशी करतं, शिक्षा देतं. तुरुंगाचा प्रश्न येतो तो सरकारी उपचारासाठी पैसे उकळले तर. तो लाचेचा वेगळा गुन्हा, तक्रार लाचलुचपत प्रतिबंधक विभागाच्या १०६४ या फोन क्रमांकावर.

आणखी एक गोष्ट मेसेजवाल्यांच्या ध्यानात आलेली दिसत नाही. सरकारी रुग्णालयात मानद म्हणून येणारे डॉक्टर मुळात खासगीच असतात. कंत्राटी डॉक्टरांचं त्यांच्या करारावर ठरतं. नुसत्या फोटोवरून हे कसं कळणार? उगंच एखाद्याची बदनामी व्हायची.

खरी तक्रार असेल तर लेखी, पुराव्यासह जिल्हा शल्यचिकित्सक किंवा वैद्यकीय महाविद्यालयाच्या अधिष्ठात्यांकडे द्या. तो मेसेज मात्र पुढं पाठवू नका, पाठवला असेल तर तिथं हा खुलासा टाका.