शिमुरा 'दुसरे' कसे?

लेखात जपानी नट ताकाशी शिमुरांना तोशिरो मिफुने या नटानंतरचा 'दुसरा नट' म्हटलंय ते काही पटलं नाही बुवा, दिग्दर्शक अकिरा कुरोसावाबरोबर मिफुनेचे 16 सिनेमे आणि शिमुरांचे 21! एकटं 1954 साल घ्या, सेव्हन सामुराईत म्होरक्या कांबेई आणि त्याच वर्षी गॉडझिलात शास्त्रज्ञ. कांबेई पोराला सोडवायला भिक्षूचं सोंग घेतो म्हणून डोकं भादरतो आणि मग पुढे सिनेमाभर त्या डोक्यावरून हात फिरवत बसतो, बस्स, तेवढ्यात माणूस उभा. कुरोसावाचा इकिरू हा सिनेमा केला तेव्हा शिमुरांचं जेमतेम 47 वय, पण तो वाकलेला, पुटपुटणारा सरकारी साहेब बर्फात झोपाळ्यावर बसून गातो ना, मला तर दरवेळी रडू येतं (बायको हसते). आणि हो, 1980 चा कागेमुशा बघाल तर जपानी प्रिंटच बघा, तेव्हा बाहेरच्या देशांत दाखवलेल्या प्रिंटमधून शिमुरांचा रोल कापला होता.