ब्रिस्बेनकरांची रांग आणि नाउरूचं बेट

नमस्कार ब्रिस्बेनकर,

बोटीने येणाऱ्या आश्रयार्थींना ऑस्ट्रेलियाने ज्या पॅसिफिक बेटावर नेऊन कोंडलं, त्या नाउरूवरच्या माझ्या लेखाखालची तुमची प्रतिक्रिया मी तीनदा वाचली. पहिल्यांदा राग आला, म्हणून उत्तर लांबवलं. बाकी वाचकांसाठी तुमचं म्हणणं थोडक्यात सांगतो. आपण कायमच्या व्हिसासाठी पॉइंट्स जमवले, आयईएलटीएस ही इंग्रजीची परीक्षा दिली, फी भरली, वर्षानुवर्षं थांबलो. बोटीतून येणारे दलालाला पैसे चारून रांग मोडून आले. ऑस्ट्रेलियाने कडक धोरण ठेवलं म्हणूनच बोटी थांबल्या आणि माणसं बुडायची वाचली. आणि शेवटचा टोला : 'ज्या देशाने पोटाला लावलं त्या खाल्ल्या घरचे वासे मोजू नका. एवढाच कळवळा असेल तर आधी भारताला रोहिंग्यांबद्दल सांगा.'

आधी माझी चूक. लेखात मी सगळं खापर लिबरल पक्षाचे तेव्हाचे पंतप्रधान जॉन हॉवर्ड यांच्या माथी फोडलं होतं. तुम्ही म्हणता ते बरोबर आहे, बोटीने येणाऱ्यांना सरसकट डांबून ठेवायचा कायदा १९९२ चा, मजूर पक्षाच्या पॉल कीटिंग सरकारचा. तेव्हा कंबोडियातून बोटी येत होत्या. सुरुवातीला कायद्यात २७३ दिवसांची मर्यादा तरी होती. १९९४ मध्ये तीही गेली. २००१ साली टँपा जहाजाच्या कप्तानाने समुद्रातून वाचवलेल्या ४३३ जणांना हॉवर्डनी किनाऱ्याला लागू दिलं नाही आणि नाउरूचा मार्ग शोधला. त्यांच्यानंतरचे मजूर पक्षाचे पंतप्रधान केविन रड यांनी २००८ मध्ये तो बंद केला. त्यांच्याच पक्षाच्या ज्युलिया गिलार्ड यांनी २०१२ मध्ये तो पुन्हा उघडला, आणि १९ जुलै २०१३ ला पुन्हा पंतप्रधान झालेल्या त्याच रडनी जाहीर केलं की यापुढे बोटीने आलेला कुणीही ऑस्ट्रेलियात कधीच स्थायिक होणार नाही. तेव्हा पापाचे वाटेकरी दोन्ही पक्ष आहेत. यावर आपलं एकमत.

आता रांग. मीही त्याच रांगेतून आलो. स्किल असेसमेंट, स्टेट नॉमिनेशन, पोलिसांचा दाखला, मेडिकल. ग्रँट लेटर आलं का हे रोज सकाळी चहाच्या आधी बघायची सवय लागली होती. पण त्या काळात मी पुण्यात नोकरी करत होतो, संध्याकाळी आईच्या हातचं जेवत होतो. अर्ज फेटाळला गेला असता तर चार दिवस हिरमुसलो असतो आणि पुण्यातच राहिलो असतो. काबूलहून जीव मुठीत धरून निघालेल्या हजारा या अफगाण अल्पसंख्य समाजातल्या कुटुंबाच्या रांगेत आणि माझ्या रांगेत हा फरक आहे. मुळात त्यांच्यासाठी रांग आहे कुठे? जगातल्या निर्वासितांपैकी वर्षाला एक टक्कासुद्धा लोकांचं तिसऱ्या देशात पुनर्वसन होत नाही. नंबर लागेल की नाही हे ठाऊक नसलेल्या गर्दीला आपण रांग म्हणतो का?

तुम्ही म्हणता, 'इंडोनेशियात थांबायचं, तिथे संयुक्त राष्ट्रांच्या कचेरीत नाव नोंदवायचं.' बरं. नोव्हेंबर २०१४ मध्ये ऑस्ट्रेलियानेच जाहीर केलं की १ जुलै २०१४ नंतर इंडोनेशियात नाव नोंदवलेल्यांना आम्ही घेणार नाही. म्हणजे रांगेत उभं राहा असं सांगायचं आणि खिडकी आपणच बंद करायची! बोटीतल्या एकाला व्हिसा मिळाला की परदेशातल्या निर्वासित शिबिरातल्या एकाची जागा जाते, हेही तुमचं म्हणणं खरं आहे, पण तो काही निसर्गनियम नाही. १९९६ साली सरकारने दोन्ही आकडे एका कोट्यात बांधले म्हणून तसं होतं. तुमच्या-माझ्या पीआरचा, म्हणजे कायम वास्तव्याच्या परवान्याचा, कोटा तर पूर्णच वेगळा. बोटीवाल्याने आपली जागा खाल्लेली नाही.

नियमांचा मुद्दा इतका जवळचा वाटत असेल तर विमानाने येणाऱ्यांकडेही बघा. टुरिस्ट किंवा स्टुडंट व्हिसावर रीतसर उतरायचं आणि मग आश्रयाचा अर्ज टाकायचा, असे अर्ज गेल्या दहा वर्षांत हजारोंनी आले. मलेशियातून, चीनमधून आणि हो, आपल्या भारतातूनही. त्यातले बहुतेक नामंजूर होतात. तोवर ही मंडळी ब्रिजिंग व्हिसावर, म्हणजे निकालापर्यंतच्या तात्पुरत्या परवान्यावर, शहरात राहतात, पुष्कळजण कामही करतात. त्यांनी तसं राहू नये असं मी म्हणत नाही. पण नाउरूला पाठवलेल्यांपैकी बहुसंख्य लोक तपासणीअंती खरे निर्वासित ठरले, आणि कोंडले गेले ते तेच. सगळा फरक तिकिटाचा.

तुमचा बुडण्याचा मुद्दा मात्र मला टाळता येत नाही आणि टाळायचाही नाही. डिसेंबर २०१० मध्ये ऑस्ट्रेलियाच्याच ताब्यातल्या, इंडोनेशियाजवळच्या ख्रिसमस बेटाच्या कड्यांवर बोट आपटून पन्नास माणसं गेली, लोक काठावरून हतबल होऊन बघत होते. २००८ ते २०१३ या काळात या समुद्रात सुमारे बाराशे जण बुडाले असावेत. हे आठवलं की माझ्यासारख्यांनी आवाज खाली आणून बोलायला हवं. पण बोटी कशाने थांबल्या हे नीट पाहू. नाउरू पुन्हा सुरू करायचं ठरलं ऑगस्ट २०१२ मध्ये, आणि २०१३ साली बोटीने आलेल्यांचा आकडा वीस हजारांच्या वर गेला. नुसत्या नाउरूला कुणी भ्यालं नाही. रड यांच्या जुलैच्या घोषणेनंतर आकडे उतरायला लागले, हे खरं. मग सप्टेंबरात हॉवर्डांच्याच पक्षाचे नवे पंतप्रधान टोनी अॅबट आले आणि नौदलाने बोटी समुद्रातूनच परत फिरवायला सुरुवात केली. काहींना तर नारिंगी लाइफबोटीत बसवून जावाच्या दिशेने सोडलं. बोटी खऱ्या बंद पडल्या त्या तिथे. ते योग्य की अयोग्य यावर वेगळं भांडू, पण ते समुद्रावर घडलं.

बेटावर जे आधीच नेले होते त्यांचं काय? २०१४ नंतर कित्येक वर्षं तिकडे नवीन माणसं पाठवणं जवळजवळ थांबलं होतं. तरी आधीचे लोक पाच-पाच, सात-सात वर्षं तिथेच. नाउरू केवढं? एकवीस चौरस किलोमीटर, फॉस्फेट खणून खणून मधला भाग उकरलेला. शेतात बुजगावणं उभं करताना आपण त्यात पेंढा भरतो. इथे जिवंत माणसं उभी केली, लांबच्या कुणाला तरी दिसावीत म्हणून. त्यांनी काय केलं होतं, हा प्रश्नच त्यात येत नाही. माझा सगळा आक्षेप एवढाच आहे, आणि तुमच्या प्रतिक्रियेत त्याचं उत्तर नाही.

तुम्ही ब्रिस्बेनचे, म्हणून एक सांगतो. २०१४ मध्ये पापुआ न्यू गिनीतल्या मानुस बेटावरच्या ऑस्ट्रेलियाच्या अशाच दुसऱ्या छावणीत एका चोवीस वर्षांच्या इराणी तरुणाच्या पायाला जंतुसंसर्ग झाला. तिथल्या डॉक्टरांनी त्याला तातडीने बाहेर हलवायला सांगितलं. परवानगीचा कागद राजधानी कॅनबेरात फिरत राहिला. अखेर त्याला आणलं ते तुमच्याच शहरात, आणि सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात तिथेच त्याचा मृत्यू झाला. क्वीन्सलँड राज्याच्या कॉरोनरने, म्हणजे मृत्यूची चौकशी करणाऱ्या अधिकाऱ्याने, २०१८ मध्ये निष्कर्ष दिला की हा मृत्यू टाळता आला असता. पायाची जखम, ब्रिस्बेनकर. आपल्याकडे तालुक्याच्या दवाखान्यातही वेळेवर पोचली तर बरी होते.

खर्चाबद्दल तुम्ही लिहिलंत की 'यांना पोसायला माझा टॅक्स जातो'. जातो, पण उलट्या दिशेने. २०१४ मध्ये सरकारनेच नेमलेल्या खर्चविषयक आयोगाने हिशेब मांडला होता : बेटावर एका माणसामागे वर्षाला चार लाख डॉलरच्या वर, तोच माणूस ब्रिजिंग व्हिसावर शहरात राहिला तर साधारण चाळीस हजार. दसपट पैसे मोजून आपण त्यांना लांब ठेवत होतो.

भारताचं म्हणाल तर तुमची टीका मला मान्य आहे. भारताने १९५१ च्या निर्वासित करारावर सही केलेली नाही, निर्वासितांसाठी स्वतंत्र कायदाही नाही, आणि रोहिंग्यांना मिळणारी वागणूक लाजिरवाणी आहे. तेही लिहीन. पण ऑस्ट्रेलियाची गोष्ट निराळी अशासाठी की तो करार अमलात आला तोच १९५४ मध्ये ऑस्ट्रेलियाने सही केल्यावर. लागणारी सहावी मान्यता त्यांची होती. शिवाय तुम्ही भारताचं नाव काढलंत म्हणून आठवलं. जून २०१४ मध्ये १५७ तमिळ लोकांची बोट निघाली ती पुदुच्चेरीहून. बहुतेक श्रीलंकेतून परागंदा झालेले. ऑस्ट्रेलियाने त्यांना जवळजवळ महिनाभर भर समुद्रात जहाजावर कोंडून ठेवलं, भारताने परत घ्यावं म्हणून खटपट केली. ती फिसकटल्यावर एका रात्रीत नाउरूला रवाना, लेकराबाळांसकट. भारताने त्यांना कधी आपलं मानलं नाही, ऑस्ट्रेलियाने थारा दिला नाही. यात कुणाची बाजू घेऊन कुणाला झोडपायचं, तुम्हीच सांगा.

आता वाशांबद्दल. मेलबर्नमध्ये माझी ट्राम स्वान्स्टन स्ट्रीटवरून जायची, कार्लटनमधल्या पार्क हॉटेलवरून. बेटांवरून उपचारासाठी आणलेल्या माणसांना २०२० च्या डिसेंबरपासून तिथे कोंडलं होतं. रात्री काचेआड मोबाइलचा दिवा हलताना दिसायचा. मी वर बघायचो आणि पुन्हा फोनमध्ये डोकं घालायचो, वर्षभर. जानेवारी २०२२ मध्ये लशीच्या घोळात जोकोविचला त्याच हॉटेलात काही रात्री ठेवलं, तेव्हा जगभरचे कॅमेरे आले आणि मलाही लिहायचं सुचलं. त्या इमारतीत तेव्हा आठ-नऊ वर्षं कैदेत काढलेली माणसं होती. तेव्हा वासे मोजायला मी लवकर लागलो असा आरोप तरी करू नका. घर माझंही आहे, हप्ते मीही भरतो.

'मग काय सगळ्यांना आत घ्यायचं?' नाही. अर्ज ऐका, ज्याचा दावा खोटा ठरेल त्याला परत पाठवा, इंडोनेशियातली ती खिडकी उघडा. न्यूझीलंडने २०१३ पासून वर्षाला दीडशे लोक घ्यायची तयारी दाखवली होती. ऑस्ट्रेलियाने हो म्हटलं मार्च २०२२ मध्ये. नऊ वर्षं निव्वळ नकारघंटा. तेवढं लवकर केलं असतं तरी माझा लेख निम्मा झाला असता.

१९९२ ची दुरुस्ती मूळ लेखात केली आहे, आणि ख्रिसमस बेटाच्या दुर्घटनेचा उल्लेख नव्हता, तोही घातला. तुमच्या प्रतिक्रियेतली इराणी लोकांबद्दलची एक ओळ तेवढी काढून टाकली. बाकी शब्दन् शब्द तसाच ठेवलाय.