नर फुलं खुडा म्हणे!

"वेलीवरची नर फुलं फळ देत नाहीत, नुसती ताकद खातात, दिसली की खुडा, उत्पन्न दुप्पट!" हा फॉरवर्ड शेवटी आमच्या मावशीपर्यंत पोचलाच. तिने गच्चीतल्या दुधीची सगळी नर फुलं इमानेइतबारे खुडली आणि आता विचारतेय, बारके बारके दुधी पिवळे पडून का गळतायत? अगं मावशी, गळणारच ना!

दुधी, भोपळा, कारलं, दोडका, यांच्या एकाच वेलीवर नर आणि मादी फुलं वेगवेगळी येतात. ज्या फुलाच्या मागे इवलासा दुधी चिकटलेला दिसतो ते मादी फूल, आणि तो दुधी म्हणजे अजून फळ नाही, अंडाशय आहे. नर फुलामागे नुसता सडसडीत देठ. नराच्या परागकोशातले पराग मादीच्या कुक्षीवर पडले तरच अंडाशय पोसतं, नाहीतर वेल ते टाकून देते. आणि हे काही आजचं ज्ञान नाही हो, जर्मनीत ट्युबिंगेनच्या कामेरारियस नावाच्या प्रोफेसरने हाच उद्योग करून पाहिला होता, एरंडाची नर फुलं उमलायच्या आत काढून टाकली, तर बोंडं निघाली पोकळ, आत बीच नाही. हे त्याने 1694 मध्ये लिहून ठेवलंय, आणि आपण 'गुप्त टिप' म्हणून उलटंच फिरवतोय.

बरं, पॉलिहाऊसमधल्या काही काकड्या परागाशिवाय धरतात, हे मान्य करते. पण त्या मुद्दाम तयार केलेल्या जाती, गच्चीतला दुधी त्यातला नाही. नर फुलं आधी आणि जास्त येतात हेही खरं, म्हणून ती फुकटी ठरत नाहीत.

त्याच मेसेजमध्ये पुढे, सिमला मिरचीला खाली तीन उंचवटे असले की नर आणि चार असले की मादी. अरे, मिरचीच्या एकाच फुलात पुंकेसर आणि स्त्रीकेसर दोन्ही असतात, आणि फळ म्हणजे वाढलेलं अंडाशय, मग 'नर फळ' आणणार कुठून? उंचवटे किती ते बरंचसं जातीवर ठरतं.

उंबराला फूलच येत नाही म्हणे. कोवळं उंबर फोडून बघा, आत बारीक फुलंच फुलं.

आता मावशीसाठी: दुधीची फुलं संध्याकाळी उमलतात, तेव्हा ताजं नर फूल तोडायचं, पाकळ्या मागे सारायच्या आणि मधला पिवळा भाग मादी फुलाच्या मधोमध हलकेच फिरवायचा. तांबड्या भोपळ्याचं हेच काम पहाटे-सकाळी, नंतर फूल मिटतं. त्याची जास्तीची नर फुलं खुडायचीच असतील तर काही राखून बाकीची बेसनात घोळवून तळा, भजी झकास होतात.